पैसे भरले, तरीही खेळ ‘ट्रायल’च

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

विकत घेतलेला व्हिडिओ गेम पूर्ण पैसे भरल्यानंतरही ‘ट्रायल’ म्हणजे चाचणी स्वरूपातच अडकून राहतो, हा अनुभव अलीकडे अनेक घरांत येतो आहे. ‘मुलांच्या खेळाचे काय एवढे’ म्हणून मोठी माणसे तो सोडून देतात, किंवा घाईने दुसऱ्यांदा पैसे भरून मोकळी होतात. आमच्या घरी हेच घडता घडता राहिले. त्यातून जे समजले ते इतर पालकांच्या उपयोगी पडावे आणि खेळ विकणाऱ्या कंपन्यांपर्यंत एक मागणी पोचावी, म्हणून हे पत्र.

माझी नात नववीत शिकते. दोन वर्षांच्या भाऊबिजेच्या ओवाळणीचे पैसे तिने साठवले होते आणि त्यांतून तिला बांधकामाचा एक खेळ घ्यायचा होता. चाचणीच्या वेळेत तिने त्यात दिवाळीच्या किल्ल्यासारखा एक किल्ला रचायला घेतला होता. तीन बुरूज झाले, चौथा अर्धा झाला आणि वेळ संपली. खेळाची किंमत साधारण दीड हजार रुपये होती. तिने पैसे माझ्या हातात दिले आणि मी माझ्या मोबाइलवरून यूपीआयने रक्कम भरली. खात्यातून पैसे वजा झाल्याचा संदेश लगेच आला. खेळ उघडला, तर कोपऱ्यात ‘ट्रायल’ हा शब्द तसाच होता आणि त्याखाली ‘खरेदी करा’ हे हिरवे बटणही तसेच होते.

संगणक बंद करून पुन्हा सुरू केला. मग खेळ काढून टाकला आणि विश्रामबागेतल्या आमच्या इंटरनेटवर रात्रभर पुन्हा उतरवून घेतला. सकाळी परत तेच. ही सगळी खटपट व्यर्थ का होती, हे नंतर उमगले. अशा अनेक खेळांत चाचणीचा खेळ आणि पूर्ण खेळ यांच्या फाइली वेगळ्या नसतात. सगळा खेळ आधीच संगणकात आलेला असतो, फक्त त्याला कुलूप असते. ते कुलूप उघडणारा परवाना, ज्याला लायसन्स म्हणतात, तो आपल्या संगणकात नसून कंपनीच्या सर्व्हरवर आपल्या खात्याच्या नावावर नोंदलेला असतो. त्यामुळे खेळ दहा वेळा उतरवला, तरी नोंद जिथे आहे तिथेच राहते.

तिसऱ्या दिवशी मुलगा म्हणाला, “बाबा, पैसे पोचलेच नसतील, पुन्हा एकदा भरून बघू का?” मी त्याला थांबवले. मी या जिल्ह्यातल्या एका बँकेत एकतीस वर्षे काउंटरवर काढली आहेत. ग्राहक ‘पैसे भरले, पण जमा दिसत नाहीत’ म्हणून आला, की त्याच्याकडून दुसरी रक्कम कधी घ्यायची नसते. आधी पहिली कुठे गेली ते शोधायचे असते. आम्ही तसेच केले. यूपीआयच्या व्यवहाराला बारा अंकी संदर्भ क्रमांक असतो, तो टिपून घेतला. ग्राहकाचे पैसे वजा झाले, पण विक्रेत्याकडे व्यवहाराची पुष्टी पोचली नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०१९ च्या परिपत्रकाप्रमाणे ती रक्कम व्यवहाराच्या दिवसानंतर पाच दिवसांत आपोआप परत आली पाहिजे, आणि त्यापुढे प्रत्येक दिवसाला शंभर रुपये भरपाई द्यावी लागते. म्हणजे पैसे खरोखरच मध्ये अडकले असते, तरी दुसऱ्यांदा भरण्याचे कारण नव्हते.

आमचे पैसे मात्र अडकलेले नव्हते. खरेदीची पावती ईमेलवर आली होती आणि ती माझ्या ईमेलवर होती. सगळे कोडे त्या पावतीत होते. पैसे भरताना खेळ विकणाऱ्या ऑनलाइन दुकानाच्या संकेतस्थळाने ईमेल विचारला, तेव्हा मोबाइल माझा म्हणून मी माझाच पत्ता घातला. संगणकावर मात्र नातीचे खाते उघडलेले होते, आणि ते २०२० साली टाळेबंदीतल्या ऑनलाइन वर्गांसाठी शाळेने काढून दिलेले. रक्कम बरोबर जमा झाली होती, पण खतावणी वेगळ्या खात्यावर पडली होती. परवाना आजोबांच्या नावावर होता आणि खेळ नातीच्या नावाने विचारणा करत होता. तिच्या नावावर काही सापडत नसल्यामुळे तो स्वतःला ‘ट्रायल’ समजत होता. त्याच्या दृष्टीने त्यात काही चूक नव्हती.

उपाय दहा मिनिटांचा होता. संगणकातल्या दुकानाच्या ॲपमधून नातीचे खाते बाहेर काढले, माझे खाते घातले, खेळ पूर्णपणे बंद केला आणि इंटरनेट चालू ठेवून पुन्हा उघडला. कोपऱ्यातला शब्द गेला. दुकानाचे खाते एकाचे आणि खेळणाऱ्याचे खाते दुसऱ्याचे ठेवण्याची सोय त्या प्रणालीत आहे, त्यामुळे नात आता स्वतःच्याच नावाने खेळते. अर्धवट बुरूज जिथे थांबला होता तिथेच होता. तो पाहून तिचा चेहरा कसा फुलला, ते मी विसरणार नाही. या मुलीने तीन दिवस एकदाही रडगाणे गायले नव्हते. आपले पैसे बुडाले, असे तिने मनाशी धरूनच टाकले होते. मला सर्वांत जास्त लागले ते हेच.

यानंतर ओळखीच्या दोन-तीन घरांत मी मुद्दाम चौकशी केली, तेव्हा इतर कारणेही पुढे आली. मिरजेतल्या एका स्नेह्यांच्या जुन्या संगणकात मदरबोर्डवरचा बटणसेल संपला होता, त्यामुळे प्रत्येक वेळी तारीख काही वर्षे मागे जात होती. घड्याळ चुकीचे असले, की सर्व्हरशी होणारी सुरक्षित जोडणी नाकारली जाते आणि परवाना तपासलाच जात नाही. थोड्या पैशांचा सेल बदलला आणि खेळ उघडला. दुसऱ्या एका घरात मूळ खेळाऐवजी त्याची पुरवणी, म्हणजे त्यात भर घालणारा वेगळा भाग, विकत घेतली गेली होती. पुरवणीने मूळ खेळाचे कुलूप निघत नाही. टीव्हीला जोडायचे प्लेस्टेशन हे खेळाचे यंत्र असेल, तर सेटिंगमध्ये ‘रिस्टोअर लायसन्सेस’ हा पर्याय आहे, तो एकदा वापरून पाहावा. एक्सबॉक्स ३६० या तशाच जुन्या यंत्रावर परवाना खाते आणि यंत्र या दोन्हींना बांधलेला असे. त्यामुळे यंत्र बदलले, की विकत घेतलेले खेळही चाचणीवर येतात आणि खरेदी करणाऱ्याच्या खात्याने इंटरनेटवर प्रवेश केल्यावरच पूर्ण उघडतात. त्या यंत्राचे ऑनलाइन दुकान २९ जुलै २०२४ रोजी बंद झाले, तरी आधी घेतलेले खेळ पुन्हा उतरवता येतात. जुने यंत्र घेणाऱ्यांनी मूळ मालकाच्या खात्याच्या भरवशावर राहू नये.

खरेदी चुकीच्याच खात्यावर झाली असेल, तर बहुतेक दुकाने ती एका खात्यावरून दुसऱ्या खात्यावर वळवून देत नाहीत. अशा वेळी मुदतीत परतावा मागून योग्य खात्यावर नव्याने खरेदी करणे, हाच सरळ मार्ग उरतो. स्टीम या खेळांच्या ऑनलाइन दुकानात खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि खेळ २ तासांपेक्षा कमी खेळला असेल, तर परतावा मागता येतो. म्हणूनच ‘बघू नंतर’ म्हणून दिवस घालवणे महागात पडते.

आता माझी मागणी. ग्राहकाने पैसे भरण्यापूर्वी ‘हा परवाना अमुक ईमेलच्या खात्यावर नोंदला जाईल’ हे वाक्य त्याला मराठीत, ठळक अक्षरांत दिसले पाहिजे. ट्रायल चालू असताना पडद्यावर केवळ ‘खरेदी करा’ हे बटण न ठेवता, ‘सध्याच्या खात्यावर परवाना सापडला नाही, आपण दुसऱ्या खात्यावरून खरेदी केली आहे का?’ असा प्रश्न आला पाहिजे. कोणत्या खात्याने विचारणा झाली, हे त्या संगणक प्रणालीला ठाऊक असतेच, मग ते ग्राहकाला सांगायला अडचण कोणती? आज पैसे भरलेल्या माणसासमोर पुन्हा पैसे भरण्याचे बटण ठेवले जाते आणि मदतीसाठी केवळ इंग्रजीत उत्तरे देणारी यंत्रणा असते. मला इंग्रजी वाचता येते. तरी ‘एंटायटलमेंट’ हा शब्द परवान्यासाठी वापरला आहे, हे समजायला मला अर्धा दिवस लागला. ज्यांना इंग्रजीची सवय नाही, त्यांनी काय करावे?

कायदा या बाबतीत ग्राहकाच्या बाजूने आहे, हेही वाचकांना ठाऊक असावे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ मध्ये ई-कॉमर्सच्या व्याख्येत डिजिटल उत्पादनांचा स्पष्ट उल्लेख आहे. जुलै २०२० च्या ई-कॉमर्स नियमांनुसार कंपनीने तक्रार निवारण अधिकारी नेमला पाहिजे, त्याने ४८ तासांत तक्रारीची पोच दिली पाहिजे आणि महिन्याभरात निवारण केले पाहिजे. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर मराठीतही बोलता येते. तरीही दाद लागली नाही, तर तक्रारदार जिथे राहतो त्या जिल्ह्याच्या ग्राहक आयोगात तक्रार करता येते आणि पाच लाख रुपयांपर्यंतच्या खरेदीच्या तक्रारीला शुल्क नाही. सांगलीच्या माणसाला त्यासाठी मुंबई-बंगळूर गाठावे लागत नाही. मात्र तक्रारीसोबत ईमेलवरची पावती, यूपीआयचा संदर्भ क्रमांक आणि ‘ट्रायल’ दिसत असलेल्या पडद्याचा तारखेसह फोटो जोडावा. कागद पक्के असले, की पुढचे काम सोपे होते, हे काउंटरवरच्या अनुभवाने सांगतो.

आमचा खेळ सुरू झाला असला, तरी वरील दोन्ही सूचना मी संबंधित कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला मराठीत लिहून पाठवल्या आहेत. पोच दुसऱ्या दिवशी आली. उत्तर आले, की तेही आपल्याकडे पाठवीन.

कळावे,
आपला नियमित वाचक,
एक निवृत्त बँक कर्मचारी,
विश्रामबाग, सांगली