थांब जरा, लिहून घेतो

आदरणीय सर,

हे पत्र तुम्हाला एकट्याला पाठवलं असतं तर "अगं, त्यात काय एवढं" म्हणून तुम्ही मोकळे झाला असतात. म्हणून चारचौघांत लिहिते आहे.

परवा एमएच्या पहिल्या वर्षातल्या एका मुलीचा फोन आला. ओळख ना पाळख, एकदम म्हणाली, "ताई, हंड्यांच्या रांगेचं उदाहरण तुमचंच ना? सर हॉब्ज शिकवताना तुमचं नाव घेऊन सांगतात." फोन ठेवल्यावर मी बराच वेळ तशीच बसून होते. रडले असं लिहायला लाज वाटते, पण रडले.

नाव घेतलंत, सर. उदाहरण काय, कुणीही वापरतं.

नावाचं एवढं का लागलं, ते तुम्हाला माहीत नाही, कारण मी कधी सांगितलं नाही. बीएची तीन वर्षं मला राज्यशास्त्र म्हणजे 'लिहून घ्या' एवढंच माहीत होतं. राज्याची चार अंगे, लोकसंख्या, भूप्रदेश, शासनसंस्था, सार्वभौमत्व, लिहून घ्या. सार्वभौमत्वाची वैशिष्ट्ये, लिहून घ्या. मध्येच कुणी काही विचारलं तर "हे परीक्षेला येत नाही". वर्ग संपला की झेरॉक्सच्या दुकानात तेच सगळं वीस रुपयांत मिळायचं.

तिसऱ्या वर्षी तिथल्याच एका प्राध्यापकांनी आम्हा सात-आठ मुलींना ग्रामपंचायतीच्या महिला सदस्यांच्या प्रश्नावल्या भरायला गावोगाव पाठवलं. पंचायतींत बायकांना राखीव जागा देणारी 73वी घटनादुरुस्ती झाली, 2011 पासून महाराष्ट्रात निम्म्या जागा बायकांना आल्या, तर बदल काय झाला, असा विषय. विषय चांगलाच होता. एसटीचं भाडं आमचं, ऊन आमचं. मी एकटीने एकवीस भरल्या. निम्म्या घरांत बाई चहा टाकायला आत जायची आणि उत्तरं नवरा द्यायचा. ते मी प्रत्येक वेळी समासात लिहून ठेवलं होतं. पुढे शोधनिबंध छापून आला. 'महिलांचा सक्रिय सहभाग वाढल्याचे दिसून येते.' आमची नावं सोडाच, माझा समासही गेला.

अशी मी तुमच्या वर्गात आले. शेवटचा बाक, वही उघडी, पेन तयार, आता हे काय सांगतील ते उतरवायचं. आणि तुम्ही पहिला अर्धा तास हॉब्ज नावाच्या इंग्रज विचारवंताची, एका भित्र्या माणसाची गोष्ट सांगत बसलात. 1588 साली स्पेनचं आरमार इंग्लंडवर चालून येतंय या धसक्याने दिवस भरायच्या आधीच बाळंत झालेली आई, आणि 'भीती आणि मी जुळी भावंडं' असं म्हणणारा तिचा मुलगा. पुढे यादवी युद्ध, 1649 मध्ये राजाचं मुंडकं उडालेलं, आणि दोनच वर्षांत दांडग्या राजसत्तेची बाजू घेणारं त्याचं पुस्तक 'लेव्हायथन'. या माणसाला दंगलीपेक्षा दांडगा राजा परवडला, यात नवल काय, असं तुम्ही म्हणालात. राजकीय सिद्धांताच्या मागे घाबरलेला, चिडलेला, घर सोडून पळालेला कुणीतरी माणूस असतो, हे मला त्या दिवशी कळलं. त्याआधी मला वाटायचं हे सगळे विचारवंत जन्मतःच पाच मुद्द्यांत बोलत असतील.

मग तुम्ही विचारलंत, वरचा दांडगा काढून घेतला तर माणसं खरंच एकमेकांच्या नरडीला लागतील का? सगळे गप्प. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "सर, आमच्याकडं तर टँकर यायच्या आधीच हंड्यांचा नंबर लागलेला असतोय. कुणी पोलीस नसतोय. भांडण व्हतं ते सरपंचाच्या घरची पाईप मधीच घुसल्यावर."

वर्ग हसला. 'व्हतं'ला हसला, मला माहीत आहे. मी पेन उचललं आणि खाली बघायला लागले.

तुम्ही हसला नाहीत. "तुम्हीही बोला, लाजू नका" असलं गोड काही बोललाही नाहीत, ते तर मला जास्त लागलं असतं. तुम्ही टेबलावरून तुमची वही ओढलीत, खिशातलं पेन काढलंत आणि म्हणालात, "थांब जरा, लिहून घेतो. पाईप कुणाची म्हणालीस?"

मी परत सांगितलं. तुम्ही लिहून घेतलंत. वर तारीख टाकलीत आणि माझं पूर्ण नाव विचारून तेही लिहिलंत. वर्गात चिडीचूप झाली. सगळं मिळून अर्धं मिनिट गेलं असेल. तोवर लिहून घेणारी मी होते, कायम. उलटं होताना मी पहिल्यांदा बघत होते.

आणि लिहून घेतलंत म्हणून मला सोडलंही नाहीत, हे त्याहून बरं केलंत. लगेच म्हणालात, "लातूरचीच ना तू? मग 2016 च्या मार्चमध्ये लातूर शहरात पाण्याच्या टाक्यांभोवती 144 कलम का लावावं लागलं? तिथे हंड्यांची रांग कुठे गेली?" मी तेव्हा शाळेत होते. मिरजेहून पाण्याची रेल्वे आली ती बघायला काका मला घेऊन गेले होते. दहा वाघिणी, पाच लाख लिटर, आणि त्यापुढे फोटो काढणारी माणसं. जमावबंदी मात्र मी विसरून गेले होते. त्या दिवशी तासभर वर्ग भांडला. गल्लीत एकमेकांना ओळखतात म्हणून रांग टिकते, शहरात टिकत नाही, असं एक जण म्हणाला. मी पाईपवर अडून बसले. शेवटी तुम्ही हॉब्जनंतरच्या इंग्रज विचारवंताचं, लॉकचं ते वाक्य सांगितलंत. रानमांजरं आणि कोल्हे त्रास देतील म्हणून माणसं स्वतःला सिंहाच्या तोंडी देतात, एवढी का ती मूर्ख आहेत? मग माझ्याकडे बघून म्हणालात, "हिची पाईप म्हणजे तोच सिंह."

सर, तुम्ही तासिका तत्त्वावर होतात, हे आम्हाला दिवाळीनंतर कळलं. मानधन महिनोन्‌महिने अडकतं हेही ऑफिसातल्या शिपायाकडून कळलं. तास संपल्यावर पोर्चमध्ये उभं राहून तुम्ही ताराबाई शिंद्यांबद्दल बोलत राहायचात, की इंग्रज विचारवंत मिलचं स्त्रियांच्या दास्यावरचं पुस्तक 1869 चं आणि बुलढाण्याच्या बाईंची 'स्त्रीपुरुष तुलना' 1882 ची, मग एक 'पाश्चात्त्य राजकीय विचार'च्या पेपरात आणि दुसरी कुठल्याच पेपरात नाही असं का. त्या पोर्चमधल्या वेळेचे पैसे कुठल्या बिलात बसत असतील? ज्यांना पूर्ण पगार होता त्यांनी आमच्याकडून लिहून घेतलं आणि आमचं नाव खोडलं. फरक कशाने पडतो, मला सांगता येत नाही. एसटीत सुटे नसले की कंडक्टर तिकिटाच्या पाठीवर उरलेले पैसे लिहून देतो, आणि काही कंडक्टर उतरायच्या आधी स्वतः हाक मारून ते परत करतात. काही नाही मारत. नियम दोघांना एकच असतो.

एक उधारी माझ्याकडेही राहिली आहे. त्या दिवशी जाता जाता तुम्ही म्हणाला होतात, "हंड्यांचा नंबर ठरवतं कोण, हे आईला विचारून ये." मी विचारून आले होते. मग परीक्षा, मग निकाल, मग गावाकडे परतणं, सांगायचं राहूनच गेलं.

आई भाकरी थापत होती. म्हणाली, "ठरवतंय कोण? आधी आलेला हंडा आधी. पण ज्याच्या घरी बाळंतीण, नाहीतर म्हातारं अंथरुणाला, त्याचा हंडा पुढं सरकवायचा. कुणी नाही म्हणत नाही." आणि थोडं थांबून म्हणाली, "सरपंचाच्या सुनेचा हंडा बी सरकवला होता आम्ही, ती बाळंत झाली तवा. पाईप न्हाई आणली तिनं त्या साली."

लिहून घ्या, सर. याच्याखाली नाव मात्र आईचं घाला.

तुमची,
शेवटच्या बाकावरची