बोलोन्याच्या कमानींखालून, आई-बाबांना

म्युनिक,
रविवार

ती. आई आणि ती. बाबा,

साष्टांग नमस्कार.

रोज फोनवर बोलतो आपण, पण बाबा "जेवलीस का, थंडी किती आहे" एवढं विचारून फोन आईच्या हातात देतात, आणि आईला माझ्या तब्येतीपलीकडे दुसरं काही ऐकायचं नसतं. मला जे सांगायचंय ते पाच मिनिटांत मावणारं नाही, म्हणून पत्र लिहायला बसले. छाटणी सुरू झाली असेल. पेस्टिंगला, म्हणजे छाटलेल्या काड्यांना औषध लावायला, माणसं मिळाली का? रात्री निवांत झालात की दोघं मिळून वाचा.

मी बोलोन्याला जाऊन आले. इटलीच्या उत्तर भागातलं जुनं शहर आहे. तिथलं विद्यापीठ १०८८ सालचं, युरोपातलं सगळ्यात जुनं मानतात. पण मी गेले ती तिथल्या खाण्यापिण्यासाठी. शहरातली एक बाई सात-आठ जणांना सोबत घेऊन जुन्या बाजारातून पायी फिरवते. दुकानादुकानात थांबायचं, चव घ्यायची, आणि ती वस्तू कुठे पिकते, कोण करतं, कशी करतं ते ऐकायचं. फी कमी नव्हती, पण पै न् पै वसूल झाली. एकच सल राहिली, की जे प्रश्न बाबांनी विचारायला हवे होते ते मी विचारत होते.

सुरुवात खरं तर रेल्वेतच झाली. म्युनिकहून गाडी ब्रेनरचा घाट उतरून आदिजे नदीच्या खोऱ्यात येते, तिथून दोन्ही बाजूंना सफरचंदाच्या आणि द्राक्षाच्या बागा लागतात. बाबा, त्यातल्या कितीतरी बागा मांडवावर आहेत! एका बाजूनं चढता, लाकडी खांबांवरचा मांडव, त्यावर वेली पसरलेल्या आणि घड खाली लोंबलेले. पेर्गोला म्हणतात त्याला. नव्या बागा तारांवर उभ्या केल्यात, पण जुने लोक अजून मांडव सोडत नाहीत. मी खिडकीला नाक लावून बसले होते. समोरच्या आजोबांनी विचारलं, शेतीचा अभ्यास करता का? म्हटलं, अभ्यास नाही, घरची शेती आहे.

सकाळी सगळे मुख्य चौकाशेजारी नेपच्यूनच्या कारंज्यापाशी जमलो. तिथेच एका भिंतीवर शेकडो छोटे छोटे फोटो लावलेत. दुसऱ्या महायुद्धात नाझींविरुद्ध लढताना मेलेल्या इथल्या माणसांचे. शहर २१ एप्रिल १९४५ ला मोकळं झालं, असं गाइड म्हणाली, आणि मला संगमनेरजवळच्या निमजचे नामदेव जाधव आठवले, मराठा पलटणीतले शिपाई. बोलोन्याच्या पूर्वेला सेनिओ नावाची नदी आहे. तिच्या काठावर ९ एप्रिलला, म्हणजे शहर सुटण्याच्या बारा दिवस आधी, त्यांनी जखमी सोबत्यांना गोळीबारातून नदीपार आणलं, शत्रूच्या मशीनगन बंद पाडल्या आणि बांधावर उभं राहून मराठ्यांची युद्धघोषणा दिली. व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला त्यांना. मी हे सोबतच्या लोकांना सांगितलं. कुणालाच माहीत नव्हतं. आपल्या शेजारच्या तालुक्यातलीच माणसं इथवर येऊन लढली, हे त्या भिंतीसमोर उभं राहून सांगताना माझा गळा दाटून आला.

चौकाच्या मागे क्वाद्रिलातेरो नावाचा जुना बाजार आहे. गल्ल्या इतक्या अरुंद की समोरासमोरच्या दुकानदारांना बसल्या जागी गप्पा मारता याव्यात. कुठे सोनारांची आळी, कुठे जुना मासळीबाजार. धंदे बदलले तरी नावं तीच आहेत. तिथे आधी एका कॉफीच्या दुकानात उभ्या उभ्या दोन घोटांची कॉफी घेतली आणि मग ताज्या पास्त्याच्या दुकानात गेलो.

आई, इथे मी तुझ्यासाठी थांबून बघितलं. पीठ लाटणाऱ्या बाईला इथे 'स्फोल्यीना' म्हणतात, आणि तो मानाचा धंदा आहे. शंभर ग्रॅम पिठाला एक अंडं, एवढंच प्रमाण. पाणी नाही, मीठ नाही. साठीतल्या बाई होत्या, लाटणं हातभर लांब. लाटता लाटता पारीची कड त्या टेबलाच्या काठावरून खाली सोडत आणि पोटानं हलकेच दाबून धरत, म्हणजे पुढे लाटताना पारी तिच्याच वजनानं ताणली जाते. मधेच लाटण्याला गुंडाळून वेढा फिरवून पुन्हा उलगडत. कुठे जाड नाही, कुठे चीर नाही. शेवटी उजेडाकडे धरली तर पलीकडच्या माणसाची सावली दिसत होती. शहराबाहेरच्या टेकडीवर सान लुका नावाचं मेरीमातेचं देऊळ आहे. पारीतून सान लुका दिसलं पाहिजे, असं इथल्या आज्या म्हणतात. तू असतीस तर बाह्या सरसावून त्यांच्या शेजारी उभी राहिली असतीस, आणि त्यांनी राहू दिलं असतं याची मला खात्री आहे.

या कामाला इथे केवढा मान आहे बघ. ही पारी कापून केलेल्या पास्त्याच्या पट्टीची, म्हणजे ताल्यातेल्लेची, खरी रुंदी किती, हे १९७२ साली व्यापारी मंडळात रीतसर नोंदवलंय: शिजल्यावर आठ मिलिमीटर. सोन्याची एक पट्टीसुद्धा करून ठेवली आहे. शहरातल्या ९७ मीटर उंच असिनेल्ली मनोऱ्याच्या बारा हजार दोनशे सत्तराव्या भागाएवढी, असा तिचा हिशेबही आहे. तोर्तेल्लिनी म्हणजे सारण भरलेला छोटा पास्ता, त्याच्या सारणाची कृती १९७४ ला नोंदवली. त्यात मांस असतं, ते तुझ्या कामाचं नाही. पण घरातल्या बायकांच्या हातचं ज्ञान सरकारी दप्तरात मानानं जपलंय, हे मला फार मोठं वाटलं. आजी मांडे करायची, त्यांची कृती आपल्याकडे कुणी लिहून घेतली? आता तू सांग आणि मी लिहून घेते. हे अगदी मनापासून म्हणतेय.

पुढचं दुकान सॉसेज आणि चीजचं होतं. बोलोन्याची मोर्तादेल्ला प्रसिद्ध आहे, डुकराच्या मांसाची, मांडीएवढी जाड. ती कशी करायची याचा नियम १६६१ सालीच इथल्या कार्डिनलनं काढला होता. मी एक काप खाल्ला, चांगला लागला; त्यावर जास्त लिहीत नाही, आई वाचणार आहे.

चीजबद्दल मात्र बाबांनी नीट ऐकावं. पार्मिज्जानो रेज्जानोचं एक चाक साधारण चाळीस किलोचं. त्याला साडेपाचशे लिटर दूध लागतं आणि निदान बारा महिने मुरवावं लागतं. दूध ठरावीक जिल्ह्यांतलंच हवं, आणि गाईंना मुरघास, म्हणजे आंबवलेला चारा, चालत नाही! फक्त ताजा चारा, वाळलेलं गवत आणि थोडा खुराक. चाक तयार झालं की जाणकार माणूस छोट्या हातोडीनं ठोकून आवाज ऐकतो. आत पोकळी किंवा चीर असली तर त्याला कळतं. इथल्या गोठ्यांत पंजाबातून आलेली बरीच माणसं आहेत, हेही गाइडनं आपणहून सांगितलं. आई, या चीजला वासराच्या पोटातलं विरजण लागतं, त्यामुळे माळकऱ्याला हे चालणार नाही. इथे सगळ्यात घालतात, म्हणून आधीच सांगून ठेवते.

तुला चालेल ती गोष्ट त्याच दुकानात मिळाली. मोदेना गावचं बाल्सामिको, म्हणजे द्राक्षाचं व्हिनेगर. पिकलेल्या द्राक्षांचा रस कढईत आटवतात, काकवी करताना आटवतो तसाच, आणि मग तो लहान होत जाणाऱ्या लाकडी पिंपांच्या रांगेत वर्षानुवर्षं ठेवतात. दरवर्षी सगळ्यात लहान पिंपातून थोडं काढायचं, आणि त्यात मागच्या पिंपातलं भरायचं. किमान बारा वर्षं. 'एक्स्त्रावेक्किओ' म्हणायचं तर पंचवीस. चमच्यावर दोन थेंब दिले. काळं, दाट, आधी गोड आणि मग जिभेच्या कडांना आंबट. स्ट्रॉबेरीवर घालून खातात. बाटली फक्त शंभर मिलिलिटरची आणि महागडी, पण बारा वर्षांची एक आणली आहे तुमच्यासाठी.

आता वाइन. बाबा, इथे जरा सावकाश वाचा.

बाजाराच्या आतल्या बोळात १४६५ सालापासून चालू असलेलं एक पेयगृह आहे. तिथे खायला काही विकत नाहीत. शेजारच्या दुकानांतून पाव, चीज, ऑलिव्ह, जे हवं ते आणायचं, लांबलचक लाकडी टेबलावर मांडायचं आणि फक्त पेला विकत घ्यायचा. कोपऱ्यात म्हातारी मंडळी पत्ते खेळत होती. गावात वाइन म्हटलं की लोक दारू म्हणून नाक मुरडतात, मला माहीत आहे. इथे ती जेवणासोबतची गोष्ट आहे; दोन घासांमध्ये एक घोट, आणि मोठमोठ्यानं गप्पा.

गाइडनं आधी पिन्योलेत्तो दिली, शहराच्या दक्षिणेच्या टेकड्यांवरची पांढरी. मग लाम्ब्रुस्को. लाल, थंड, फसफसणारी. मांसाच्या तेलकटपणावर तिचा आंबटपणा उतारा म्हणून काम करतो, म्हणून इथल्या जेवणात ती हवीच. पेला भरायच्या आधी तिनं द्राक्षाची जात सांगितली, मग गाव, मग जमीन. सेक्किया आणि पानारो या दोन नद्यांमधला गाळाचा पट्टा, आणि जात लाम्ब्रुस्को दि सोर्बारा. या वेलीचा फुलोरा नावालाच पूर्ण असतो, परागात जोर नसतो. म्हणून बागेत दुसऱ्या जातीची लाम्ब्रुस्को लावावी लागते, तेव्हा कुठे मणी धरतात. तरी घड विरळ, शॉट बेरीज, म्हणजे न वाढलेले बारीक मणी, भरपूर. मी विचारलं, मग शेतकरी ही जात ठेवतात कशाला? ती म्हणाली, हिच्यासारखी दुसरी लागत नाही म्हणून.

मग मी आपलं सांगितलं. वर्षातून दोन छाटण्या, एप्रिलला खरड आणि ऑक्टोबरला फळाची. पीक मात्र एकदाच, जानेवारी ते एप्रिल. त्यांचा विश्वास बसेना. इथे वेल हिवाळाभर झोपते आणि एकदाच छाटली जाते. गाइडनं वही काढून लिहून घेतलं आणि विचारलं, हे सगळं कुणी शिकवलं? मी तुमचं नाव सांगितलं.

बाबा, तिथे बसून मला आपलं खालचं वावर आठवत होतं. २००१ ला सरकारचं धोरण आलं, विंचूरला वाइन पार्क झाला, सगळीकडे तीच चर्चा, आणि तुम्ही खायची थॉमसन काढून वाइनची शिराझ लावलीत. मग मंदी आली, ज्यांच्याशी करार होता त्यांनी माल उचलायला टाळाटाळ केली, पैसे अडकले, आणि तुम्ही बाग तोडलीत. खोडं बांधावर कितीतरी दिवस पडून होती. तुम्ही तेव्हा एक शब्दही बोलला नाहीत. मी शाळेत होते, मला पुरतं कळलं नव्हतं. आता कळतं. सगळ्यात जास्त टोचतं ते हे, की तुमच्या द्राक्षांची वाइन कशी झाली हे तुम्हाला कुणी दाखवलंच नाही. कुणी एक बाटली आणून दिली नाही. इकडचे शेतकरी सगळे सुखात आहेत असं मी म्हणणार नाही; भावाची रड इथेही ऐकली. पण पेला उचलणाऱ्याला जात, गाव आणि जमीन माहीत असते. तुमच्या कष्टांना हे मिळायला हवं होतं.

म्हणून तुम्ही दोघांनी यावं अशी माझी फार इच्छा आहे. मला तुमच्यासोबत ही फेरी पुन्हा करायची आहे. चालणं फार नाही, आणि बाबांच्या गुडघ्यांना जपत जाऊ. शहरभर कमानींचे झाकलेले पदपथ आहेत, सगळे मिळून जवळजवळ बासष्ट किलोमीटर. त्यांतले काही २०२१ पासून जागतिक वारसा आहेत. ऊन लागत नाही, पावसात भिजणं नाही. असिनेल्ली मनोऱ्यावर चढायचा प्रश्नच नाही, तो २०२३ पासून बंदच आहे.

आईच्या जेवणाचं मी आधी बोलून ठेवीन. बिनअंड्याचा पास्ता, टोमॅटोचा सॉस, भाजलेल्या भाज्या, फळं. इथल्या काही पावांत आणि रोट्यांत चरबी असते, तेव्हा विचारल्याशिवाय काही घ्यायचं नाही. फळांच्या रसाचं बिनदुधाचं सोर्बेत्तो मात्र तुला आवडेल. मी लिंबाचं खाल्लं. राहायला स्वयंपाकघर असलेली खोली घेईन. मेतकूट आणि तिखट तू आणशीलच.

जूनच्या शेवटी या. सबकेनचं, म्हणजे वेलीच्या उपकाड्यांचं, काम उरकलेलं असतं, पुढच्या छाटणीला वेळ असतो. फवारणीचं आणि भुरी-डावण्या या रोगांवर लक्ष ठेवायचं तात्यांशी मी बोलते, ते नाही म्हणणार नाहीत.

पासपोर्टचे फॉर्म मी इथून भरते. दोघांचं आधार आणि आईचा शाळा सोडल्याचा दाखला, दोन्हींचे नीट उजेडात फोटो काढून पाठवा. आईचं नाव एकीकडे मंदाबाई आणि दुसरीकडे मंदाकिनी आहे, ते आधी दुरुस्त करून घ्यावं लागेल. सेतू केंद्रात सोमवारी गर्दी असते, मंगळवारी जा. पेस्टिंग झालं की कळवा.

तुमची,
मनू