‘सैराट’च्या अलीकडचे आणि पलीकडचे

महोदय,

करमाळा तालुक्यातील जेऊरच्या नागराज मंजुळे यांचे नाव निघाले की सोलापुरातली चर्चा २०१६ च्या ‘सैराट’पाशीच, तेही त्याच्या गल्ल्यापाशी थांबते, याचे वाईट वाटते. मुळात कवी असलेल्या या माणसाने ‘पिस्तुल्या’ या लघुपटासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवला, ‘फँड्री’त ऐन डुक्कर पकडताना शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येते आणि सारे कुटुंब जागच्या जागी ताठ उभे राहते, तो प्रसंग पाहताना माझा श्वास अडकला होता, आणि एवढ्या यशानंतरही ते ‘पावसाचा निबंध’ या लघुपटाकडे वळले. अभिनय, निर्मिती तर आहेच. हे लघुपट आपल्या शाळकरी मुलांना मोठ्या पडद्यावर दाखवण्यासाठी हुतात्मा स्मृती मंदिरात एक दिवस राखून ठेवावा, अशी महापालिकेला कळकळीची विनंती आहे.

– एक चित्रपटप्रेमी, सोलापूर