टेम्पोची चावी काढून घेणं हा ‘लेबर मॅटर’ नाही

संपादक साहेब,

कालचा तुमचा अग्रलेख वाचला आणि रात्रभर डोक्यात तेच घोळून राहिलं. संप चालू असलेल्या कारखान्याच्या गेटवर पोलीस उभे केले म्हणजे सरकार मालकाच्या बाजूनं झालं, असं लिहून तुम्ही मोकळे झालात. तुम्हाला आत मालक दिसला, बाहेर युनियन दिसली. मधात माल भरून उभा असलेला आमच्यासारख्यांचा टेम्पो दिसलाच नाही.

हिंगणा रोडवर माझं छोटं फॅब्रिकेशनचं युनिट आहे, सहा पोरं कामाला आहेत. ज्या कंपनीला आम्ही माल देतो तिथं मागच्या वर्षी ऐन दिवाळीच्या तोंडावर संप झाला. पगारवाढीचा असेल, परमनंट करण्याचा असेल, त्यात मला पडायचं नाही, त्यांची मागणी खरी पण असेल. माझ्याकडे ऑर्डर होती, गेटपास होता, सकाळी साडेआठला फ्रेम भरून टेम्पो पाठवला. गेटवर चाळीस-पन्नास जण आडवे आले आणि एकानं खिडकीतून हात घालून सरळ चावीच काढून घेतली. आमचा ड्रायव्हर साठीच्या पुढचा, शुगरचा पेशंट, आम्ही काकाच म्हणतो त्यांना. त्यांना खाली उतरू देईनात, डबा सीटमागं तसाच. मी पोचलो तेव्हा काका स्टिअरिंगवर डोकं टेकवून बसले होते, शर्ट घामानं चिंब, हात थरथरून राहिले होते.

आणि पोलीस होते तिथं. तीसेक पावलांवर निंबाच्या झाडाखाली दोघं उभे. मी हात जोडून म्हटलं, साहेब, निदान म्हाताऱ्या माणसाला तरी खाली उतरवा, तर म्हणे, "लेबर मॅटर आहे भाऊ, आम्ही मधात पडत नाही, कोर्टाची ऑर्डर घेऊन या." शेवटी दुपारी तीनला चावी मिळाली ती त्या संपवाल्यांपैकीच एका जुन्या कामगारानं मध्यस्थी केली म्हणून. माल वापस आला, बिल अडकलं, आणि त्या दिवाळीत मी सहाही पोरांना अर्धाच पगार देऊ शकलो. ती पोरं कामगार नाहीत का?

नंतर वकिलांकडून समजून घेतलं. ज्या वाटेनं जायचा माणसाला हक्क आहे ती वाट अडवणं हा गुन्हा आहे, आधी दंड संहितेचं (आयपीसी) कलम ३४१ होतं, आता तिच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेत १२६, महिन्यापर्यंत कैद किंवा ५ हजारापर्यंत दंड. आणि गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलिसाला कोर्टाच्या कागदाची वाट पाहायची गरजच नव्हती. १९६७ मध्ये बंगाल सरकारनं असंच परिपत्रक काढलं होतं, घेराव झाला तर पोलिसांनी आधी कामगारमंत्र्यांना कळवायचं, आणि कलकत्ता हायकोर्टानं ते रद्द केलं. आपल्या राज्याच्या युनियनबद्दलच्या १९७१ च्या कायद्यातही, संपात नसलेल्या कामगाराला आत जाता येणार नाही असं गेट अडवणं ही युनियनची अनुचित प्रथा, म्हणजे मनाई असलेलं वागणं, म्हणून लिहून ठेवलंय.

मी युनियनच्या विरोधात नाही. माझे वडील एम्प्रेस मिलमध्ये विणाई खात्यात होते, संपात मी त्यांना गेटवर डबा नेऊन द्यायचो. ते सांगत, आत जाणाऱ्याला हात जोडायचे, हात लावायचा नाही. दिवसभर घोषणा देऊन आवाज बसायचा त्यांचा, पण त्यांनी कोणाची सायकल अडवली नाही. संप करा, मंडप टाका, महिनाभर बसा, पोलिसांनी त्या मंडपालाही हात लावू नये. फक्त गेटसमोर एका गाडीपुरती वाट मोकळी ठेवावी. एवढं काम पोलिसांचं, भांडण मिटवायला लेबर कोर्ट आहे.

आणखी एक. त्याच दिवशी रस्त्यात गाडी उभी केली म्हणून माझ्या मोबाईलवर ई-चलान आलं. चावी काढलेली गाडी मी हलवणार कशी? फोटो जोडून तक्रार केली, अजून उत्तर नाही.

मागं नालीबद्दल लिहिलेलं माझं पत्र तुम्ही अर्धं कापून छापलं होतं. हे कृपा करून पूर्ण छापा.

एक लघुउद्योजक,
हिंगणा रोड, नागपूर