सूज काय म्हणते ते ऐक

दादर, मुंबई

प्रिय सुहास,

तुझ्या गुडघ्याच्या ऑपरेशनची नोट वाचली. मेनिस्कसला (गुडघ्यातल्या दोन हाडांमधल्या गादीला) टाके आणि मांडीच्या हाडाच्या टोकाला मायक्रोफ्रॅक्चर, अशी दोन कामं झाली आहेत. त्यामुळे चाळीतले जे काका 'दुर्बिणीने' करून आठवड्यात चालायला लागले, त्यांचं मनावर घेऊ नकोस. त्यांचा फाटका तुकडा कापून टाकला असणार, तिथे भरून यायला काही उरतच नाही. तुझं भरून यायचं आहे.

कूर्चा, म्हणजे हाडाच्या टोकावरचं गुळगुळीत आवरण, जेमतेम २ ते ४ मिलिमीटर जाड. तिच्यात ना रक्तवाहिन्या, ना नसा. सांध्यातल्या वंगणावर ती जगते, आणि गुडघा हलला तरच ते तिच्यात झिरपतं. म्हणजे पडून राहणंही घातकच. मायक्रोफ्रॅक्चरमध्ये उघड्या हाडाला ३-४ मिलिमीटर अंतराने बारीक भोकं पाडतात. मज्जेतलं रक्त वर येऊन गुठळी धरते आणि तिचीच नवी कूर्चा होते, मूळच्यापेक्षा जरा राठ. सुरुवातीला ही गुठळी नाजूक असते, चार पावलं पूर्ण वजन टाकलंस तर उखडू शकते. म्हणून ६ आठवडे कुबड्या. (हीच जखम वाटीमागे असती तर ब्रेस (गुडघ्याचा आधारपट्टा) सरळ लॉक करून वजन टाकू दिलं असतं. दुसऱ्याचा तक्ता तुला का चालत नाही ते यावरून कळेल.)

कूर्चेला नसाच नाहीत, तेव्हा 'दुखत नाही, म्हणजे ठीक आहे' हा हिशेब इथे फसतो. सूज मात्र खोटं बोलत नाही. रोज सकाळी वाटीच्या मध्यावरून शिंप्याच्या टेपने घेर मोज. कालच्यापेक्षा सेंटिमीटरभर वाढला, तर काल जे नवीन केलंस ते दोन दिवस बंद. सांध्यात पाणी साठलं की मांडीचा पुढचा स्नायू आखडता हात घेतो, मग कितीही व्यायाम कर, जोर येत नाही. बर्फ ओल्या फडक्यातून, १५ मिनिटं, दिवसातून तीन-चारदा.

सगळ्यात जास्त बिघडतं ते उशीमुळे. गुडघ्याखाली उशी बरी वाटते, पण तसंच राहिलं तर पाय पूर्ण सरळ होत नाही आणि लंगड कायमची बसते. उशी टाचेखाली ठेव, गुडघा अधांतरी, १० मिनिटं. मग गुडघा खाली दाबून मांडी आवळायची, ५ सेकंद, १० वेळा. पाय सरळ उचलायचा तो गुडघा जराही न वाकता उचलता आला तरच, नाहीतर अजून आवळण्यावरच थांब. वाकवणं सध्या ९० अंशांपर्यंत. त्यापुढे मेनिस्कसच्या मागच्या टाक्यांवर ताण येतो.

भारतीय संडासावर कमोडची खुर्ची आजच ठेव. उकिडवं बसणं आणि मांडी घालणं निदान चार महिने नाही, पुढेही सर्जनने हो म्हटल्यावरच. जिना चढताना चांगला पाय आधी, उतरताना कुबड्या आणि दुखरा पाय आधी.

सहा आठवड्यांनंतर एक कुबडी सोड. उरलेली चांगल्या बाजूच्या हातात. बहुतेकजण नेमकी उलटी धरतात! जागेवरची सायकल सीट उंच करून, शून्य जोरावर. शिवाजी पार्कवर धावणं सहा महिन्यांआधी विसर, तेव्हाही दोन्ही मांड्यांची ताकद जवळपास सारखी असेल तरच.

ग्लुकोसामाइनवर फार पैसे घालवू नकोस. त्याच्या जोरावर कूर्चा उगवत नाही. मालिश पोटरीला तर अजिबात नको: एकाच पायाची पोटरी सुजली, गरम झाली, दाबल्यावर दुखली तर ती रक्ताची गाठ असू शकते, त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा. दम लागला किंवा छातीत दुखलं तर थेट इमर्जन्सीत. ताप आला, टाक्यांतून पाणी आलं तरी वाट बघू नकोस.

लोकलचं विचारलं होतंस. वजनापेक्षा पीळ वाईट. पाऊल रोवलेलं असताना गर्दीने अंग फिरवलं की टाका तुटतो. कुबड्या सुटल्यावरही महिनाभर दादरचा पूल गर्दीच्या वेळी नको. ऑफिसात अकरानंतरची वेळ मागून घे, आणि वळायचं असेल तेव्हा आधी पाऊल उचल, मग अंग फिरव.

तुझा,
नंदू