हेलियमचे श्रेय एकट्या लॉकयरचे नव्हे

१८ ऑगस्टच्या हेलियम दिनानिमित्त आपल्या अंकात आलेल्या लेखात ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ सर नॉर्मन लॉकयर यांनी विजयदुर्ग किल्ल्यावरून हेलियमचा शोध लावल्याचे म्हटले आहे. त्याच तालुक्याचा रहिवासी म्हणून ते वाचताना बरे वाटले, तरी ते वस्तुस्थितीला धरून नाही. १८६८ च्या त्या खग्रास सूर्यग्रहणाच्या वेळी लॉकयर इंग्लंडमध्ये होते. सूर्याच्या वर्णपटातील (प्रकाशाचे रंग वेगळे केल्यावर दिसणाऱ्या पट्ट्यातील), हेलियमची खूण ठरलेली पिवळी रेषा त्यांनी तेथूनच, ग्रहणाविना, २० ऑक्टोबर रोजी पाहिली. प्रत्यक्ष ग्रहणात फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ ज्यूल्स जानसेन गुंटूरला, तर मद्रास वेधशाळेचे नॉर्मन पॉगसन मच्छलीपट्टणमला दुर्बीण लावून बसले होते. ही रेषा सोडियमच्या रेषेशी तंतोतंत जुळत नाही, याची नोंद पॉगसन यांनी केली होती. पण आज त्यांचे नाव किती जणांना ठाऊक आहे? फ्रान्सने पुढे काढलेल्या पदकावर जानसेन आणि लॉकयर या दोघांच्याच प्रतिमा आहेत. पृथ्वीवर हा वायू ब्रिटिश रसायनशास्त्रज्ञ विल्यम रॅम्झे यांनी १८९५ मध्ये क्लीव्हाइट या खनिजातून मिळवला, तोवर अनेक रसायनशास्त्रज्ञांचा त्याच्या अस्तित्वावर विश्वासही नव्हता.

किल्ल्यावरील ज्या दगडी चौथऱ्यांना गावात ‘साहेबाचे ओटे’ म्हणतात, तेथे दरवर्षी शाळेची मुले जमतात. हा दिवस साजरा व्हावाच, मात्र त्या मुलांना लॉकयर यांच्यासोबत जानसेन, पॉगसन आणि रॅम्झे ही नावेही सांगावीत, आणि आपणही लेखातील चूक दुरुस्त करावी, ही विनंती.

— एक वाचक, देवगड (सिंधुदुर्ग)