ताई, तुमच्या बुटाची नाडी सुटलेली नव्हती

प्रिय ताई,

बाकी सगळे तुम्हाला 'गाइडोसान', म्हणजे गाइडबाई, म्हणत होते. आईने मात्र पहिल्याच दिवशी ताई म्हणायला सुरुवात केली आणि तिसऱ्या दिवसापासून 'ताई' अशी हाक आली की तुम्ही वळून बघायला लागलात. म्हणून मीही तेच लिहिते. माझी मुलगी या पत्राचं इंग्रजी करून तुम्हाला पाठवणार आहे. पण लिहायचं ते मराठीत आणि चारचौघांत, असं मी ठरवलं, कारण यातलं काही आमच्या माणसांनीही वाचायला हवं.

जपानमधल्या शिकोकूहून परत येऊन तीन आठवडे झाले. अजून कुणी विचारलं, "कशी झाली ट्रिप?" की मला सरळ उत्तर देता येत नाही. घसा दाटून येतो. डोंगर, देवळं, लाल झालेली मेपलची झाडं, सगळं सांगायचं असतं आणि तोंडून निघतं ते तुमच्या बुटाच्या नाडीचं.

तिथे तुम्हाला सांगितलं नव्हतं, ते आधी सांगते. दोन वर्षांपूर्वी मी आईला एका मोठ्या कंपनीच्या ग्रुप टूरबरोबर परदेशी नेलं होतं. पैसे भरताना सगळं गोड गोड होतं. तिसऱ्या दिवशी टूर मॅनेजरने माइकवरून सांगितलं की ज्येष्ठ मंडळींनी बसमध्येच थांबावं, बाकीच्यांचा खोळंबा होतो. नाव घेतलं नाही, पण अख्ख्या बसने आईकडे वळून पाहिलं. त्यानंतर बस थांबली की आई स्वतःच म्हणायची, "तुम्ही जाऊन या, मी बसते." तो देश तिने काचेतून पाहिला. मीही तेव्हा भांडले नाही, त्याची चुटपुट आजही आहे. घरी आल्यावर ती एवढंच म्हणाली, "आता मला कुठे नेऊ नकोस गं. तुमचा खोळंबा होतो."

हे म्हणणारी बाई कोण, ते तुम्हाला ठाऊक नव्हतं. आम्ही फलटणचे. आषाढी वारीला आळंदीहून ज्ञानोबा माउलींची पालखी पंढरपूरला निघते, तिच्या वाटेवरचं आमचं गाव. आई चौदा वर्षं त्या वाटेने चालली. गुडघा गेल्यावर ती दारात उभी राहून वारकऱ्यांना पिठलं-भाकरी वाढायला लागली, पायांना तेल लावून द्यायला लागली. अशा बाईला कुणी खोळंबा म्हणावं? आणि तिने ते खरं मानावं?

म्हणून तुमच्या सहा दिवसांच्या सहलीसाठी मी तिला जवळजवळ फसवूनच नेलं. तोक्यो नाही, क्योतो नाही, जपानच्या चार मोठ्या बेटांतलं सगळ्यात छोटं शिकोकू. "तिथे तुझ्या वारीसारखी वारी आहे, नुसती बघून येऊ," एवढंच सांगितलं.

पहिल्या दिवशी तोकुशिमाजवळच्या र्योझेन-जी मंदिरात तुम्ही आम्हाला या यात्रेबद्दल सांगितलंत. अठ्ठ्याऐंशी मंदिरं, चार प्रांत, साधारण १,२०० किलोमीटरची वाट, बेटाला घातलेली एक अखंड प्रदक्षिणा. चार प्रांतांचे चार टप्पे, शेवटच्या दोन टप्प्यांची नावं 'बोदाई' आणि 'नेहान'. म्हणजे आपलेच बोधी आणि निर्वाण. ही सगळी वाट कोबो दाइशींची, म्हणजे ७७४ साली याच बेटावर जन्मलेल्या कुकाई या आचार्यांची. पहिल्या मंदिराचं नावसुद्धा बुद्धाने जिथे उपदेश केला त्या राजगीरच्या गृध्रकूट पर्वतावरून आलेलं. तुम्ही म्हणालात, "हे मंदिर म्हणजे आम्ही इकडे आणलेला तुमचा डोंगर."

यात्रेकरूंच्या गवती टोपीवर 'दोग्यो निनिन' असं लिहिलेलं असतं, त्याचा अर्थ तुम्ही सांगितलात: दोघं मिळून चालतोय. एकटा निघालेला माणूससुद्धा दोघंच असतो, दुसरे दाइशी. हातातली काठी म्हणजेच दाइशी, म्हणून मुक्कामाला पोचलं की आधी काठीचे पाय धुवायचे, मग स्वतःचे. मी हे आईला मराठीत सांगत होते आणि तिचा चेहरा बदलताना बघत होते. तिने लगेच काठी विकत घेतली. वाटेत एक छोटा पूल लागला, तेव्हा तुम्ही थांबून म्हणालात, पुलावर काठी टेकवायची नाही, दाइशी एकदा पुलाखाली झोपले होते, त्यांची झोपमोड होईल. आईने काठी उचलून छातीशी धरली आणि तो पूल असा सावकाश ओलांडला, जणू खाली खरंच कुणी झोपलंय.

पहिल्या मंदिरापासून दुसरं सुमारे दीड किलोमीटर. साधा गाडीरस्ता, कडेने घरं. तिथेच एका घरातून म्हातारे आजोबा बाहेर आले, आईच्या हातात दोन संत्री ठेवली, हात जोडले आणि आत निघून गेले. आई गोंधळली, पर्स उघडायला लागली. तुम्ही तिचा हात हलकेच अडवलात आणि सांगितलंत की याला 'ओसेत्ताई' म्हणतात. यात्रेकरूला द्यायचं, यात्रेकरूने नाही म्हणायचं नाही, कारण देणाऱ्याचं पुण्य आपण अडवायचं नसतं. आई रस्त्याच्या कडेला उभी राहून रडली. मला कारण कळलं. आयुष्यभर तिने दारात उभं राहून दिलं होतं. घेणारी म्हणून ती कितीतरी वर्षांनी पुन्हा रस्त्यावर उभी होती. तिने पिशवीतून राजगिऱ्याची वडी काढली आणि त्या बंद दाराच्या पायरीवर ठेवून आली. तुम्ही काही बोलला नाहीत, थांबलात फक्त.

निळीच्या कारखान्यात आईने रुमाल बुडवला, तो हिरवा बाहेर आला आणि वाऱ्यावर डोळ्यांदेखत निळा झाला, हे ती येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला सांगते. जेवणाबद्दल तर वेगळं पत्र लिहावं लागेल. आम्ही माळकरी, आणि तिकडच्या साध्या सारातही मासळीचा अर्क. आधीच्या कंपनीने "व्हेज मिळेल" म्हणून सांगून तीन दिवस ब्रेड खायला घातला होता. तुम्ही मात्र कोंबू हे समुद्री शेवाळ आणि सुकी शिताके अळंबी यांचं सार घरून थर्मासमध्ये घेऊन आलात. उदोनच्या दुकानात शेवया आमच्यासाठी वेगळ्या काढून घेतल्यात. सहा दिवसांत आई एकदाही उपाशी राहिली नाही.

इया खोऱ्यात वेलींच्या पुलावर जायची वेळ आली, तेव्हा माझ्या पोटात गोळा आला. पंचेचाळीस मीटर लांब, नदीपासून चौदा मीटर उंच, पायाखालच्या फळ्यांतून पाणी दिसतं. आईला ते जमणार नव्हतंच. मी तिच्याकडे पाहिलं, तर ती आधीच मागे सरकत होती, "तुम्ही जाऊन या" तिच्या ओठांवर आलं होतं. तेवढ्यात तुम्ही सगळ्यांना म्हणालात, "तुम्हाला पुलावर फक्त स्वतःचे पाय दिसतील. पूल आम्ही दोघी बघणार." आणि आईला घेऊन जवळच्या बिवा धबधब्याशी जाऊन बसलात. ११८५ साली लढाई हरलेले ताइरा घराण्याचे लोक या डोंगरात लपले, शत्रू आला तर एका घावात तोडता यावा म्हणून पूल वेलींचा केला आणि या धबधब्याशी बसून ते बिवा हे तंतुवाद्य वाजवायचे, ही दंतकथा तुम्ही तिला हातवारे करून सांगितलीत. भाषा एक नाही, तरी मी परत आले तेव्हा आईला सगळं ठाऊक होतं. बसमध्ये बसणं आणि धबधब्याशी बसणं यात केवढा फरक असतो, हे त्या टूर मॅनेजरला कधीतरी दाखवायला हवं.

आता ती नाडी.

चौथ्या दिवशी आपण कोतोहिराला गेलो. मुख्य देवळापर्यंत ७८५ पायऱ्या. इथले कोंपिरा म्हणजे मूळचे संस्कृतातले कुंभीर, गंगेतली मगर, असं तुम्ही सांगितलंत, तेव्हा आई म्हणाली, "मग भेटायलाच पाहिजे, आपल्याकडचेच आहेत." मी म्हटलं, जमतील तेवढ्या चढू. पहिल्या पन्नासेक पायऱ्यांतच तिचा श्वास फुलला. ती थांबणार नाही हे मला माहीत होतं. तोंड मिटून, मान खाली घालून ती चढत राहणार, कारण मागच्यांचा खोळंबा.

तेवढ्यात तुम्ही "सुमिमासेन", माफ करा, म्हणून खाली वाकलात आणि बुटाची नाडी बांधायला लागलात. सगळे थांबले. आई काठीवर रेलली, श्वास खाली बसला. नाडी बांधून झाली, आपण निघालो. आणखी चाळीसेक पायऱ्यांवर पुन्हा नाडी. मग दुसऱ्या बुटाची. चौथ्या वेळी मी तुमच्या शेजारीच होते. करड्या बुटाची काळी नाडी, दुहेरी गाठ, घट्ट मारलेली. तुम्ही आधी ती गाठ नखाने उकललीत, मग पुन्हा बांधायला घेतलीत. हळू, अगदी हळू, फास सारखे करत. आणि बांधताना डोळे बुटाकडे नव्हते, आईच्या खांद्यांकडे होते. खांदे वर-खाली व्हायचे थांबले, तशी तुमची गाठ पूर्ण झाली.

ताई, मी त्या पायरीवर उभी होते आणि मला काय वाटलं ते मला आजही धड सांगता येत नाही. तुम्ही हात देऊ शकला असतात, "दमलात का?" विचारू शकला असतात. चांगली माणसं तेच करतात, मीही तेच करते. पण विचारलं की दमलेल्याला कबूल करावं लागतं, आणि आई कबूल करण्यापेक्षा पडणं पसंत करते. तुम्ही ते तिला करायलाच लावलं नाहीत. थांबायचं कारण स्वतःकडे घेतलंत. सात वेळा वाकलात, मी मोजलं. साठी उलटलेल्या तुम्ही, तुमचेही गुडघे असतीलच की.

३६५व्या पायरीवर दाइमोन हा मोठा दरवाजा लागला. आत मोठ्या पांढऱ्या छत्र्यांखाली पाच दुकानं, पिवळ्या साखरेच्या पंख्याच्या आकाराच्या वड्या विकणारी. तुम्ही म्हणालात, देवळाच्या आवारात विकायचा मान पिढ्यानपिढ्या या पाच घरांचाच. आमच्याकडेही देवळातले मान असेच घराण्यांचे असतात, त्यामुळे आईला हे समजावून सांगावं लागलं नाही. वडीबरोबर बोटाएवढी हातोडी मिळते. आईने बाकड्यावर बसून त्या हातोडीने वडी फोडली आणि तुकडे सगळ्या ग्रुपला वाटले, आपल्याकडे खडीसाखर वाटतात तसे. तिथून पुढे ती चढली नाही आणि कुणी तिला काही विचारलं नाही. "कुंभीरदेवाला इथूनच हात जोडते," म्हणाली. चेहरा पंढरपूरला कळस दिसल्यावर असतो तसा.

दुसऱ्या दिवशी झेंत्सू-जीत, दाइशींच्या जन्मस्थानी, पहाटेच्या पाठाला बसलो. 'ग्याते ग्याते हाराग्याते हारासोग्याते बोजी सोवाका.' आई ताठ बसली. माझ्या कानात म्हणाली, "शेवटी स्वाहा म्हणाले ना?" तुम्ही मागे वळून मान हलवलीत. मग बाहेर येऊन सांगितलंत की कुकाई ८०४ साली चीनला गेले, तिथे प्रज्ञा नावाच्या भारतीय भिक्षूकडे संस्कृत शिकले आणि दोन वर्षांनी परतताना हे सगळं बरोबर घेऊन आले. होम गेला, त्याचा 'गोमा' झाला. नमः गेलं, त्याचं 'नामु' झालं. मंदिराखालच्या मिट्ट काळोख्या बोगद्यातही आई आली. तुम्ही पुढे 'नामु दाइशी हेंजो कोंगो' म्हणत होतात, ती भिंतीला हात लावून मागून तेच म्हणत होती, आणि त्या दोन आवाजांच्या मागे मी चालत होते.

आमच्याकडे वारीच्या वाटेवर चांभार फुकट चपला शिवून देतात, न्हावी फुकट दाढी करतो, कुणी अंघोळीला पाणी तापवून ठेवतं. त्याला कुणी मदत म्हणत नाही. ती रीत आहे. तुमच्याकडेही ती आहे, बाराशे किलोमीटर पसरलेली. मग पैसे घेऊन माणसं फिरवणाऱ्यांना ती का सुचू नये? सातासमुद्रापलीकडच्या बाईला माझ्या आईचा श्वास कळतो आणि तिची भाषा बोलणाऱ्याला फक्त घड्याळ दिसतं, याचा मला अजून राग येतो. तो राग या पत्रात आला असेल तर राहू दे.

निघताना आईने विचारलं होतं, "तीनच देवळं झाली, मग ही वारी खंडित नाही का?" तुम्ही म्हणालात, नाही, याला 'कुगिरी-उची' म्हणतात. जमेल तेवढं करायचं, जिथे थांबलो तिथून पुढे कधीही.

गेल्या रविवारी मी आईला नाडीची गोष्ट सांगितली. वाटलं होतं, तिला आश्चर्य वाटेल. ती काठीचं टोक धूत होती, घरात कुठेच जात नाही तरी रोज धुते. मान वर न करता म्हणाली, "मला दुसऱ्या वेळेलाच कळलं होतं. पण त्यांना तसं वाटू दिलं नाही." मग काठी कोपऱ्यात ठेवली आणि म्हणाली, "पंच्याऐंशी राहिलीत. त्यांना विचार, पुढच्या नोव्हेंबरात सवड आहे का."

म्हणून विचारते, ताई. आहे का?

तुमची,
फलटणच्या आजींची लेक